खेळ अडतो कुठे?

परीक्षा संपून सुट्टी लागली की लॅमिंग्टन रोडवर गर्दी वाढते. गिरगावला लागून असलेल्या या रस्त्याचे आजचे नाव डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग. पण संगणकाचे सुटे भाग घ्यायला लालबाग-परळहून येणारी मंडळी अजून जुनेच नाव घेतात. दुकानातला संवादही ठरलेला. "गेम अडकतो, रॅम वाढवून द्या." रॅम मिळते, घरी बसवली जाते आणि पुष्कळदा गेम पूर्वीइतकाच अडकतो. मग पुढच्या महिन्यात ग्राफिक्स कार्डाची मागणी येते. घरातले काही हजार रुपये असे जातात आणि दोष कुठे होता ते शेवटपर्यंत कळत नाही.

मुळात 'गेम चालत नाही' या एका वाक्यात दोन निराळ्या तक्रारी दडलेल्या असतात. एक, गेम उघडतच नाही. दुसरी, उघडतो पण अडखळत चालतो. पहिल्या तक्रारीत साखळीतली एखादी कडी तुटलेली असते. दुसरीत सर्व कड्या शाबूत असतात, पण वेळ पुरत नाही. दोन्हींचे निदान वेगळ्या तऱ्हेने करावे लागते, आणि ते करायला बहुधा एक पैसाही लागत नाही. शिवाय प्रयोगात एका वेळी एकच गोष्ट बदलायची, हा नियम आठवी-नववीच्या विद्यार्थ्याला पटवायला याहून चांगले निमित्त मिळणे कठीण. कारण इथे उत्तर हवे असण्याची तळमळ त्याची स्वतःची असते.

पडदा वर का जात नाही?

दादरच्या शिवाजी मंदिरात प्रयोग लावणारी नाटक मंडळी नेपथ्य आणि कपडे टेम्पोतून स्वतः आणतात. पण रंगमंच, पडदा आणि वीज नाट्यगृहात असणारच असे गृहीत धरतात. गेमचे तसेच आहे. चित्रे, आवाज, खेळाचे नियम तो बरोबर आणतो. पण पडद्यावर त्रिकोण रंगवणे, स्पीकरपर्यंत आवाज पोचवणे, फाइल उघडणे अशी रोजची कामे करणारे प्रोग्रॅम संगणकात आधीपासून असतील असे तो धरून चालतो. विंडोजमध्ये अशा सामायिक फायलींच्या नावाशेवटी 'डीएलएल' ही अक्षरे असतात. त्यांतली एक जरी सापडली नाही तरी गेम सुरू होण्याआधीच थांबतो आणि कोणती फाइल नाही ते छोट्या चौकटीत लिहून सांगतो.

ही चौकट न वाचताच बंद करण्याची आपल्याला सवय असते. ती शब्दशः वहीत उतरवून घ्यावी. नाव 'व्हीसी रनटाइम' अशा अक्षरांनी सुरू होत असेल, तर मायक्रोसॉफ्टचा 'व्हिज्युअल सी प्लस प्लस' हा मोफत संच बसवला की काम होते. तो कंपनीकडूनच घ्यावा. कुठल्याही अनोळखी ठिकाणाहून एकटीच डीएलएल फाइल उतरवून घेणे म्हणजे घराची किल्ली रस्त्यावर बनवून घेण्यासारखे आहे.

कधी फाइल असते, पण उतरवताना बिघडलेली असते. गेमची दुकाने चालवणाऱ्या बहुतेक प्रोग्रॅममध्ये फायली तपासून पाहण्याची सोय असते. तिचे तत्त्व आपल्या जुन्या नवाच्या ताळ्याचे आहे. गुणाकार बरोबर आहे की नाही हे अंकांच्या बेरजेवरून पडताळतात, तशी फाइलमधल्या सर्व अंकांवरून एक संख्या काढायची आणि ती मूळ संख्येशी जुळते का पाहायचे. नवाच्या ताळ्यात ७२ च्या जागी २७ झाले तर चूक सापडत नाही. संगणकातला ताळा अंकांच्या जागाही विचारात घेतो, म्हणून त्याच्या हातून अशी चूक सहसा सुटत नाही.

आता एक दोष असा, जो मराठी शाळांत आणि मराठी घरांतच जास्त भेटायचा. संगणकावर खाते उघडताना वापरणाऱ्याचे नाव देवनागरीत दिले, किंवा 'इयत्ता नववी' असा फोल्डर करून गेम त्यात ठेवला. इतर सर्व कामे सुरळीत चालतात, पण एखादा जुना गेम काही केल्या उघडत नाही. याचे मूळ अक्षरांच्या क्रमांकांत आहे. जुने प्रोग्रॅम एका अक्षरासाठी एक बाइट वापरत, म्हणजे फार तर २५६ चिन्हे. रशियन, ग्रीक, अरबी अशा लिप्यांसाठी विंडोजमध्ये २५६ चिन्हांचे स्वतंत्र तक्ते होते. देवनागरीसाठी तसा तक्ता कधी झालाच नाही. आपली लिपी विंडोजमध्ये आली ती थेट युनिकोड या मोठ्या तक्त्यातून. त्यामुळे जुना प्रोग्रॅम जेव्हा फोल्डरचे नाव विचारतो तेव्हा विंडोजला 'इ' साठी देण्याजोगा क्रमांक सापडत नाही, आणि प्रत्येक अक्षराच्या जागी प्रश्नचिन्ह दिले जाते. प्रश्नचिन्ह हे विंडोजमध्ये फाइलच्या नावात चालतच नाही. मग प्रोग्रॅमला आपलेच घर सापडत नाही. चाचणी सोपी आहे: गेम रोमन अक्षरांत नाव असलेल्या फोल्डरमध्ये हलवावा. तेवढ्याने भागले नाही तर रोमन नावाचे नवे खाते उघडून पाहावे. नवे गेम युनिकोड वापरतात, त्यांना हा त्रास सहसा होत नाही. मुलांनी फोल्डरला मराठी नाव दिले म्हणून त्यांना रागावू नये. उणीव त्या जुन्या प्रोग्रॅममध्ये आहे.

खूप जुन्या गेमची गोष्ट आणखी मजेची. डॉसच्या काळातले गेम आजच्या ६४ बिटांच्या विंडोजवर उघडत नाहीत, कारण १६ बिटांचे प्रोग्रॅम चालवणारा भागच त्यात नाही. कनिष्ठ महाविद्यालयांतून टर्बो सी शिकवणाऱ्यांना हे परिचयाचे असेल. 'डॉसबॉक्स' हा मोफत प्रोग्रॅम जुन्या संगणकाची हुबेहूब नक्कल करतो आणि त्यात असे गेम चालतात. पण त्याही आधी, १९९० च्या दशकाच्या अखेरीस, वेगळाच पेच आला होता. टर्बो पास्कलमध्ये लिहिलेले अनेक प्रोग्रॅम नव्या, वेगवान संगणकांवर 'रनटाइम एरर २००' असे म्हणून बंद पडू लागले. या क्रमांकाचा अर्थ शून्याने भागाकार. प्रत्यक्षात शून्याने कोणी भागत नव्हते. सुरुवातीलाच हे प्रोग्रॅम घड्याळाच्या एका टिकटिकीत, म्हणजे सुमारे ५५ मिलिसेकंदांत, एक रिकामे आवर्तन किती वेळा होते ते मोजत आणि त्या संख्येला ५५ ने भागत. उत्तर ठेवायला १६ बिटांची जागा होती. तीत ६५,५३५ पेक्षा मोठी संख्या मावत नाही. म्हणजे आवर्तने साधारण ३६ लाखांवर गेली की भागाकार जागेत बसत नसे, आणि प्रोसेसर या चुकीसाठी तीच सूचना देतो जी शून्याने भागल्यावर देतो. संगणक मंद म्हणून नव्हे, तर वेगवान म्हणून प्रोग्रॅम बंद पडत होता.

सोळा मिलिसेकंदांचा हिशेब

गेम उघडला, पण अडखळतो. इथे संगणकाने काय करायचे असते ते आधी पाहू. हालचाल सहज वाटावी म्हणून पुष्कळ गेम सेकंदाला ६० चित्रे पडद्यावर आणण्याचे लक्ष्य ठेवतात. १००० मिलिसेकंदांना ६० ने भागले की एका चित्राच्या वाट्याला १६.७ मिलिसेकंद येतात. तेवढ्यात कळ दाबली का ते पाहायचे, प्रत्येक पात्र कुठे सरकले ते ठरवायचे आणि लाखो ठिपके रंगवायचे. पत्र टंकताना अक्षर जरा उशिरा उमटले तर बिघडत नाही; गेममध्ये उशिरा आलेले चित्र म्हणजे अडखळणे.

सरासरीवर विसंबू नये. एका सेकंदात ५९ चित्रे प्रत्येकी १२ मिलिसेकंदांत झाली आणि साठावे २९२ मिलिसेकंदांनी आले, तर सरासरी बरोबर ६० भरते. पण खेळणाऱ्याला झटका बसतोच. दादरला तासाभरात ठरलेल्या सगळ्या लोकल आल्या, पण चार एकामागोमाग आणि मग वीस मिनिटे काही नाही, तर फलाटावरचा माणूस सरासरीने समाधान मानत नाही.

वेळ कोण खातो हे शोधायची एक सुंदर चाचणी आहे. गेमच्या मांडणीत जाऊन चित्राचे ठिपके कमी करावेत. १९२० × १०८० म्हणजे २०,७३,६०० ठिपके. १२८० × ७२० म्हणजे ९,२१,६००. रंगवण्याचे काम सव्वादोन पटींनी घटले. आता सेकंदाला येणारी चित्रे वाढली, तर अडचण रंगवणाऱ्याची, म्हणजे ग्राफिक्स प्रोसेसरची होती. ती जवळजवळ तेवढीच राहिली, तर रंगारी आधीपासूनच रिकामा बसला होता आणि उशीर मुख्य प्रोसेसरकडून होत होता. अशा वेळी महागडे ग्राफिक्स कार्ड आणून रिकाम्या रंगाऱ्याच्या जोडीला आणखी मोठा रिकामा रंगारी बसवण्यासारखे होते.

याचे उदाहरण मुंबईचेच आहे. डेन्मार्कच्या आयओ इंटरॅक्टिव्ह या कंपनीच्या 'हिटमॅन २' (२०१८) या गेमचा एक भाग मुंबईत घडतो आणि त्यात गल्लीबोळांतली गर्दी आहे. त्या गर्दीतल्या प्रत्येक माणसाने पुढचे पाऊल कुठे टाकायचे ते मुख्य प्रोसेसर ठरवतो. ठिपके कितीही कमी केले तरी माणसे तितकीच राहतात. एरवी सुरळीत चालणारा गेम अशा गर्दीच्या जागी संथ झाला, तर प्रथम मुख्य प्रोसेसरवर संशय घ्यावा.

रॅमचे काय? ती पुरेशी आहे की नाही हे गेम चालू असताना विंडोजच्या 'टास्क मॅनेजर'मध्ये दिसते. ती शिगोशीग भरली असेल आणि डिस्कही सतत राबत असेल, तर रॅम वाढवण्याला खरोखर अर्थ आहे. जागा कमी पडली की संगणक काही मजकूर डिस्कवर ठेवतो आणि लागेल तेव्हा परत आणतो. मिनिटाला ७,२०० फेरे घेणाऱ्या डिस्कचा एक फेरा ८.३ मिलिसेकंदांचा, हवा तो भाग सुईखाली यायला सरासरी अर्धा फेरा, आणि सुई जागेवर सरकायला आणखी काही मिलिसेकंद. एका खेपेतच चित्राचा बहुतेक वेळ संपला! पण रॅम निम्मी रिकामी असेल, तर आणखी घालून काही मिळणार नाही.

पैसे न लागणाऱ्या दोन गोष्टी इथेच सांगतो. टेबलावरच्या संगणकात ग्राफिक्स कार्ड असूनही मॉनिटरची वायर पुष्कळदा मदरबोर्डच्या खाचेत लावलेली आढळते. मग कार्ड असून नसल्यासारखे. आणि लॅपटॉप बॅटरीवर असताना वीज वाचवण्यासाठी मंद चालतो, म्हणून चाचणी नेहमी चार्जर लावून करावी.

दूरच्या खेळाडूंशी खेळताना आपले पात्र सहज हलते पण इतरांची पात्रे उड्या मारतात, तेव्हा दोष संगणकात नसून अंतरात असतो. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो. सिंगापूर मुंबईहून सरळ रेषेत साधारण ३,९०० किलोमीटर. जाऊन-येऊन ३९ मिलिसेकंद निसर्गच घेणार. लॅमिंग्टन रोडवर त्यावर औषध मिळत नाही.

उकाडा

सर्वांत फसवा दोष उष्णतेचा. त्याची खूण अशी: पहिली दहा मिनिटे गेम उत्तम चालतो, मग अडखळू लागतो, आणि संगणक अर्धा तास बंद ठेवला की पुन्हा दहा मिनिटे उत्तम. रॅम किंवा डीएलएल घड्याळ पाहून वागत नाहीत.

प्रोसेसरचे तापमान खोलीपेक्षा किती वाढेल हे ढोबळमानाने त्याची शक्ती आणि उष्णतेला होणारा विरोध यांच्या गुणाकाराने मिळते. ओहमच्या नियमाचेच हे भावंड. समजा, प्रोसेसर ६५ वॅट घेतो आणि विरोध दर वॅटला ०.८ अंश आहे. वाढ ५२ अंशांची. वातानुकूलित दुकानात, २४ अंशांत, प्रोसेसर ७६ अंशांवर राहील. तोच संगणक मे महिन्यात परळच्या चाळीतल्या ३४ अंशांच्या खोलीत ८६ वर जाईल. आता पंख्याच्या जाळीत धूळ साचून विरोध १.१ झाला असे धरा: वाढ ७१.५, बेरीज १०५.५. पण बहुतेक प्रोसेसर ९५ ते १०० अंशांच्या आसपास स्वतःला आवरतात. ते आपली वारंवारता आणि विद्युत दाब दोन्ही उतरवतात. शक्ती ही दाबाचा वर्ग गुणिले वारंवारता या प्रमाणात असते. दोन्ही १० टक्क्यांनी उतरवले तर शक्ती ०.९ च्या घनाइतकी, म्हणजे सुमारे ७३ टक्के राहते. जीव वाचतो. मात्र जे काम १६ मिलिसेकंदांत होत होते त्याला आता १७.८ लागतात आणि १६.७ ची मर्यादा ओलांडली जाते. दुकानात नीट चाललेला गेम घरी का अडखळतो, याचा उलगडा कित्येकदा एवढाच असतो.

वर्गात करण्याजोगा प्रयोग: तापमान आणि दर सेकंदाची चित्रे दाखवणारे मोफत प्रोग्रॅम मिळतात. गेममधली एकच जागा धरून वीस मिनिटे, दर मिनिटाला दोन्ही आकडे लिहावेत आणि आलेख काढावा. मग संगणक थंड होऊ द्यावा, शाळेत तो लाकडी कपाटात कोंडलेला असेल तर दार उघडावे, किंवा लॅपटॉप गादीवरून उचलून दोन पुस्तकांच्या आधारावर ठेवावा आणि पुन्हा वीस मिनिटे. बदल एकच. दोन आलेख वेगळे आले तर उष्णतेचा दोष पक्का. जुळले तर उष्णतेवरचा संशय बराच दूर झाला.

हा प्रयोग ऑगस्टमध्ये करायचा ठरला तर आधी विद्यार्थ्यांना भाकीत विचारावे: हवा दमट असल्यामुळे संगणक अधिक तापेल का? बहुतेक जण हो म्हणतील, कारण त्यांना स्वतःला मे महिन्याइतकेच नकोसे होत असते. पण आपल्याला नकोसे होते ते घाम वाळत नाही म्हणून. ॲल्युमिनियमच्या पात्यांना घाम येत नाही. त्यांना फक्त हवेचे तापमान कळते, आणि ते ऑगस्टमध्ये मेपेक्षा कमीच असते. दमटपणाचे नुकसान वेगळ्या वाटेने होते: ओलसर धूळ जाळीला चिकटून नमद्यासारखा थर बनतो, तो नुसत्या फुंकरीने निघत नाही. संगणक बंद करून, वायर काढून, मऊ कोरड्या ब्रशने तो सोडवावा, आणि हवा मारताना पंख्याचे पाते बोटाने धरून ठेवावे. मोकळे सोडले तर ते नको तितक्या वेगाने फिरून त्याचे बेअरिंग खराब होऊ शकते.