स्वर्ग उलटा, नाव सुलटं!

अमेरिकेतल्या क्लायंटच्या मेलखाली ‘नेव्हेया’ अशी सही दिसली तर चक्रावू नका. ‘हेवन’चं इंग्रजी स्पेलिंग उलटं वाचा, झालं नाव तयार! १९९९ मध्ये तिकडे अवघ्या ८ मुलींना हे नाव मिळालं होतं. २००० मध्ये पी.ओ.डी. बँडच्या सनी सँडोव्हलने एमटीव्हीवर आपल्या लेकीचं हे नाव सांगितलं, आणि २०१० मध्ये ते थेट २५व्या नंबरवर!

लेक म्हणजे स्वर्ग, इतकं साधं लॉजिक. आपल्याकडे मात्र मुलाची वाट बघणाऱ्या काही घरांत लेकीचं नाव ‘नकुसा’ ठेवायचे. म्हणजे नको असलेली. पुढची तरी मुलगी होऊ नये, म्हणून! शाळेच्या हजेरीत रोज तेच ऐकायचं. ऑक्टोबर २०११ मध्ये साताऱ्यात २८५ मुलींनी ते नाव टाकलं. कुणी ऐश्वर्या झाली, कुणी सावित्री.

मी घोडेगावची. २०२४ मध्ये आमच्या अख्ख्या नगर जिल्ह्यालाच चौंडीच्या लेकीचं, अहिल्यादेवींचं नाव मिळालं. तेव्हा पुढच्या बारशाला आत्याबाई म्हणून बाळाच्या कानाशी वाकाल, तेव्हा जरा विचार करूनच ‘कुर्रर्र’ करा!