विमानांतून जाणाऱ्या बॅटऱ्या

घरोघरीं असलेले मोबाइल दूरध्वनि व लहान संगणक ज्या लिथियमच्या बॅटरीवर चालतात, ती विमानानें पाठवावयाची म्हटली कीं नियमांचें मोठें जंजाळ पुढें उभें राहतें. एवढीशी वस्तु, आणि तिच्यासाठीं इतका उपद्व्याप कां, असा प्रश्न कोणासहि पडेल.

थोडक्या जागेंत पुष्कळ शक्ति सांठविणें हाच या बॅटरीचा गुण, आणि धोका आहे तोहि त्यांतच. तिच्या दोन ध्रुवांमध्यें एक पातळ, सच्छिद्र पडदा असतो व भोंवतीं ज्वालाग्राही द्रव असतो. आघातानें, अतितापानें किंवा घडणींतील दोषानें तो पडदा निकामी झाला, तर आंतल्या आंत उष्णता वाढते; तिनें रासायनिक क्रिया जलद होते, आणि त्या क्रियेंतून अधिकच उष्णता निघते. एक घट पेटला कीं त्याच्या आंचेनें शेजारचा पेटतो. विमानाच्या मालकक्षांत आग विझविण्यासाठीं वापरला जाणारा हॅलॉन वायु ज्वाळा दाबतो. परंतु घटांच्या आंत चाललेली क्रिया त्यानें थांबत नाहीं.

३ सप्टेंबर २०१० रोजीं दुबईहून कोलोनकडे निघालेल्या एका बोइंग ७४७ मालवाहू विमानास आग लागली. वैमानिकांनीं विमान दुबईकडे वळविलें, पण धूर इतका दाटला कीं समोरचीं यंत्रें दिसेनाशीं झालीं. विमान कोसळून दोघेहि वैमानिक मृत्युमुखीं पडले. मालांत लिथियमच्या बॅटऱ्या पुष्कळ होत्या, आणि त्यांपैकीं कांहीं धोक्याचा माल म्हणून जाहीर केलेल्या नव्हत्या, असें चौकशींत आढळलें.

आजच्या नियमांमागील हेतु यावरून ध्यानांत येतो. दाब, कंप, उष्णता व आघात यांच्या कसोट्यांस उतरलेली बॅटरीच विमानानें पाठवितां येते. आंतरराष्ट्रीय नागरी विमानवाहतूक संघटनेनें १ एप्रिल २०१६ पासून सुट्या लिथियम-आयन बॅटऱ्या उतारूंच्या विमानांतून माल म्हणून नेण्यास बंदी केली. मालवाहू विमानांतूनहि त्या ३० टक्क्यांहून अधिक भारित नसाव्या लागतात. कारण विद्युद्भार कमी, तर आगीचा जोरहि कमी. फुगलेली वा सदोष म्हणून परत मागविलेली बॅटरी पाठवूं नये.

उतारूंनीं पॉवर बँक व सुट्या बॅटऱ्या हातच्या सामानांतच ठेवावयाच्या असतात. केबिनमध्यें धूर निघाला तर तो तत्काळ दिसतो व पाणी ओतून बॅटरी थंड करतां येते; सामानकक्षांत कोणाचा हात पोंचत नाहीं. साधारण मर्यादा १०० वॉट-तासांची आहे. १०० ते १६० पर्यंत विमान कंपनीची अनुमति लागते, व त्यापुढील बॅटरी उतारूस नेतां येत नाहीं. व्होल्टांस अँपिअर-तासांनीं गुणलें कीं वॉट-तास मिळतात. ३.७ व्होल्ट व २०,००० मिलिअँपिअर-तास, म्हणजे ७४ वॉट-तास. कांहीं कंपन्यांचे नियम याहून कडक असल्यानें प्रवासापूर्वीं ते पाहून घ्यावे. सुट्या बॅटरीचीं टोकें चिकटपट्टीनें झांकावीं, म्हणजे किल्ल्या अगर नाणीं लागून तीं जोडलीं जाणार नाहींत.

प्रत्येक पेटी उघडून पाहणें कोणासहि शक्य नसतें. आंत काय आहे, हें पाठविणारानें लिहिलेल्या कागदावरूनच विमान भरणारांस कळतें. परगांवच्या मुलास जुना मोबाइल पाठवितांना पुडक्यावर नुसतें "भेटवस्तु" असें लिहिणें सोपें खरें; परंतु त्या एका शब्दाच्या भरंवशावर विमानांतील माणसें आकाशांत जात असतात.