दगा, फितुरी आणि नळदुर्गचा साहेब

परंड्याचा भुईकोट पाहिला की तो लढून घेणं किती अवघड होतं ते कळतं. भोवती खंदक, दुहेरी तटबंदी, बुरुजांवर तोफा. तरी १६६० मध्ये तो विजापूरकरांकडून मोगलांकडे गेला, आणि तोही तट फोडून नव्हे. किल्लेदार गालिब याने मोबदला घेऊन तो देऊन टाकला. आपण याला फितुरी म्हणतो. इंग्रजीत यासाठी ‘बिट्रे’ हे क्रियापद आहे. त्याचं मूळ लॅटिन ‘त्रादेरे’ आणि त्याचा साधा अर्थ हवाली करणं. त्याच धातूतून ‘ट्रेटर’ म्हणजे गद्दार आला आणि ‘ट्रॅडिशन’ म्हणजे परंपराही आली. बापाने लेकाला दिली ती परंपरा, किल्लेदाराने शत्रूला दिला तो किल्ला. लॅटिनच्या लेखी दोन्हीकडे वस्तूने हात बदलले, इतकंच.

इंग्रजीने या एका शब्दावर फार ओझं लादलं आहे. पक्ष बदलणं, मित्राला पकडून देणं, नवराबायकोतली प्रतारणा, गुपित फोडणं, सगळं ‘बिट्रे’च. मनातली भीती चेहऱ्यावर उमटली तरी चेहऱ्याने ती ‘बिट्रे’ केली म्हणायचं. मराठीत ही कामं वाटून दिलेली आहेत. किल्लेदार फितूर होतो, कोर्टात साक्षीदार फितूर होतो, भागीदार केसाने गळा कापतो, चेहरा चुगली करतो. आणि पाऊस दगा देतो. हा प्रयोग धाराशिवच्या शेतकऱ्याला शिकवावा लागत नाही.

इंग्रजीच्या या शब्दसंग्रहात आपल्याकडच्या ‘ठग’ या शब्दाची भर पडली; तो शब्द लोकप्रिय करणारा माणूस पुढे आपल्याच धाराशिव जिल्ह्याचा कारभारी झाला. फिलिप मेडोज टेलर, जन्म लिव्हरपूलचा, १८०८ सालचा. पंधराव्या वर्षी मुंबईच्या एका व्यापाऱ्याकडे नोकरीला म्हणून आला, तर त्या व्यापाऱ्याचाच व्यवहार बुडीत निघालेला. मग निजामाच्या फौजेत शिरला. १८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड, रायचूर दुआब आणि नळदुर्गचा मुलूख कंपनीकडे सोपवला, तेव्हा नळदुर्गचा कारभार टेलरकडे आला. १८५७ पर्यंत तो इथे होता. लोकांनी ‘मेडोज’चं ‘महादेव’ करून त्याला महादेवबाबा केलं.

त्याचं नाव झालं होतं ते मात्र आधीच, १८३९ मध्ये छापलेल्या ‘कन्फेशन्स ऑफ अ ठग’ या कादंबरीने. तिच्या प्रस्तावनेत मराठवाड्यातला एक किस्सा आहे. हिंगोलीत हरिसिंग नावाचा प्रतिष्ठित व्यापारी होता, खुद्द टेलरच्या ओळखीचा. मुंबईहून कापड आणायचं आहे म्हणून त्याने सरकारी परवाना काढला. ते कापड घेऊन त्याचा खरा मालक वाटेत आहे, हे त्याला ठाऊक होतं. मालक, त्याची माणसं, जनावरं हाकणारे, सगळ्यांना त्याने संपवलं आणि माल त्याच परवान्यावर हिंगोलीत आणून छावणीत उघड विकला. साहेबलोकांनी तो घेतलाही असेल. पुढे पकडल्यावर त्याने स्वतःच कबूल केलं म्हणून हे समजलं, आणि सांगताना त्याला ती मोठी थट्टा वाटत होती.

ठगाची खरी तलवार म्हणजे ओळख. तो वाटेत भेटे, सोबत करी, भाकरी वाटून खाई, मग रुमालाचा फास. ‘ठग’ या शब्दात ही लबाडीच मुख्य; आपल्या ‘ठकास महाठक’मध्ये तर मारहाणीचा मागमूस नाही. इंग्रजीत गेल्यावर शब्दाची लबाडी गळाली आणि उरला नुसता दांडगट गुंड. या ठगीचं चित्र कंपनी सरकारने सोयीसाठी फुगवलं, असं अलीकडचे काही इतिहासकार म्हणतात. ते म्हणणं हसण्यावारी नेण्यासारखं नाही, कारण सारा पुरावा बहुतांशी माफीच्या साक्षीदारांचा. कादंबरीचा नायक अमीर अली तसाच, साथीदारांची नावं सांगून जीव वाचवलेला. आधी वाटसरूंना दगा, मग टोळीला.

टेलरने तुळजापूरवरही ‘तारा’ ही कादंबरी लिहिली, १८६३ मध्ये. नायिका तुळजाभवानीच्या पुजाऱ्याची मुलगी, आणि कथेत अफझलखान. साल त्याने १६५७ धरलं. प्रतापगडाची भेट झाली ती १६५९ मध्ये. ग्रँट डफसारख्या ब्रिटिश इतिहासकारांनी या भेटीत शिवाजीमहाराजांकडे विश्वासघाताचा दोष दिला. आपल्याकडे खानाच्या कपटाला दिलेलं ते चोख उत्तर. दग्याचं माप असं सांगणाऱ्याच्या हातात असतं.

पण टेलरच्या आयुष्यातला खरा प्रसंग कादंबरीत नाही, आत्मचरित्रात आहे. नळदुर्गला येण्यापूर्वी तो आज कर्नाटकात असलेल्या सुरपूर संस्थानावर देखरेख करीत होता. तिथला बालराजा व्यंकटप्पा नायक त्याच्या नजरेसमोर वाढला. तो टेलरला ‘अप्पा’ म्हणे. १८५८ मध्ये हा राजा कंपनीविरुद्ध उठला, हरला, हैदराबादला पळाला आणि पकडला गेला. टेलर तुरुंगात त्याला भेटला. तुला कोणी चिथावलं ती नावं सांग, म्हणजे शिक्षा हलकी होईल, असा मामला होता. अप्पाने विचारूनही राजाने एक नाव सांगितलं नाही. मरणाचं भय नव्हतं. फक्त फाशी नको, तोफेच्या तोंडी द्या, एवढीच मागणी. शिक्षा कमी होत चार वर्षांच्या कैदेवर आली, पण कैदेच्या ठिकाणी नेताना वाटेतच त्याने गोळी झाडून घेतली.

नावं काढून घेण्याच्या विद्येवर ज्याची पहिली कादंबरी उभी, त्या माणसाने आपल्याला नावं मिळाली नाहीत ही हकिकत न लपवता लिहून ठेवली. टेलर १८७६ मध्ये वारला. ‘द स्टोरी ऑफ माय लाइफ’ पुढच्या वर्षी निघालं. नळदुर्गचा पाणीमहाल पाहायला जाणाऱ्यांनी तेवढं पुस्तक आधी जरूर वाचावं.