भिंतीआधीचा स्पर्श

पहाटे साडेपाचला टँकवर ती येते तेव्हा हिवाळ्यात पाण्यावर वाफ तरंगत असते. काठावर बसून ती पाय पाण्यात सोडते आणि गॉगल चढवते. गॉगल आतून काळा केलेला. तिला जन्मापासून दिसत नाही, तरी स्पर्धेत तो सक्तीचा. कारण तिच्या एस-११ गटात कुणाला थोडा उजेड कळतो, कुणाला तोही नाही. शर्यतीत अंधार सगळ्यांना सारखा हवा.

मी लेनच्या टोकाला उभा राहतो. हातात लांब, हलकी काठी आणि टोकाला स्पंजचा गोळा. भिंत जवळ आली की तो गोळा तिच्या डोक्यावर किंवा पाठीवर टेकवायचा. हे काम करणाऱ्याला टॅपर म्हणतात. गेली चार वर्षं मी तिचा टॅपर आहे.

ती पोहायला शिकली गावच्या विहिरीत, पाठीला पत्र्याचा डबा बांधून. विहिरीत हाक मारली की आवाज घुमतो, त्यावरून कडा किती दूर आहे हे तिला कळायचं. टँकमध्ये ती सोय नाही. पन्नास मीटरची सरळ रेघ, बाजूला लेनची दोरी, चहूकडे शिट्ट्या आणि पाण्याचा खळखळाट. दोरीला हात घासत ती दिशा धरते. तिच्या उजव्या दंडावरचे ओरखडे कधीच पुरते बरे होत नाहीत. अंतर ती हातांनी मोजते. फ्रीस्टाइलला ताजी असताना बेचाळीस हात. पण दम संपत आला की हात आखूड पडतात, बेचाळीसचे शेहेचाळीस होतात आणि मोजणी फसते. तिथे काठीच खरी.

तिची मुख्य शर्यत २०० मीटर मिडले. बटरफ्लाय, बॅकस्ट्रोक, ब्रेस्टस्ट्रोक, फ्रीस्टाइल, प्रत्येकी पन्नास मीटर. पलीकडच्या टोकाला तिचे सर ५० आणि १५० मीटरला टॅप देतात; १०० आणि २०० मीटर माझ्याकडे. बटरफ्लायला दोन्ही हात एकदम पाण्याबाहेरून पुढे येतात, त्यांच्या मधला क्षण साधावा लागतो. फ्रीस्टाइलला वळायचं असेल तर टॅप लवकर हवा, कारण कोलांटीला जागा लागते; शर्यत संपवायची असेल तर थोडा उशिरा. बॅकस्ट्रोक सर्वांत अवघड. डोकं पुढे, भिंत डोक्यामागे. सेकंदाला सव्वा मीटर वेगाने येणारा माणूस पाव सेकंदात फूटभर पुढे सरकतो. माझी चूक मोजायला तेवढा फूट पुरतो.

दुसऱ्या वर्षी ती चूक माझ्याकडून झाली. १०० मीटरला टॅप उशिरा पडला आणि तिची बोटं भिंतीवर आदळली. मधलं बोट सुजलं. ती एवढंच म्हणाली, "काका, जरा उशीर झाला." बोट आठवड्यात बरं झालं, पण पुढचे तीन महिने ती माझ्या टोकाला येताना शेवटचे पाच मीटर मंदावायची. सरांच्या टोकाला मात्र तोच वेग. घड्याळावर ते दीड सेकंद दिसायचे आणि ते माझ्या नावावर होते. मग आम्ही बाकी सगळं सोडून फक्त शेवटचे पंधरा मीटर घेतले. रोज वीस वेळा, बॅकस्ट्रोक, टॅप, भिंत. तिला सांगून विश्वास बसला नसता. तो तिच्या खांद्यांत परत यावा लागला.

पॅरा जलतरणात प्रत्येक गटाची अडचण निराळी. सांगली जिल्ह्यातले मुरलीकांत पेटकर १९६५च्या युद्धात गोळ्या लागून कमरेखाली अधू झाले, उपचार म्हणून पाण्यात उतरले आणि १९७२ साली हायडेलबर्गला ५० मीटर फ्रीस्टाइल ३७.३३ सेकंदांत पोहून भारताचं पहिलं पॅरालिम्पिक सुवर्ण घेऊन आले. सोलापूर जिल्ह्यातले सुयश जाधव विजेच्या धक्क्याने दोन्ही हात गमावूनही २०१६ साली रिओला पोहले. आणि विदर्भातल्या कांचनमाला पांडे यांनी २०१७ साली मेक्सिकोतल्या जागतिक स्पर्धेत एस-११ गटात सुवर्ण जिंकलं ते याच २०० मीटर मिडलेत. ती बातमी वाचताना मला आधी ते चार टॅप आठवले. म्हणून एस-११च्या खेळाडूला कुठेही पाठवायचं तर दोन टॅपरचीही तिकिटं काढली पाहिजेत. त्यांना खर्चाच्या यादीत शेवटी टाकणं म्हणजे खेळाडूला अर्ध्या वेगाने पोहायला सांगणं आहे.

गेल्या स्पर्धेत तिची मिडले होती. टॅपरने ओरडून सूचना देणं नियमात बसत नाही. खेळाडू चुकून दुसऱ्याच लेनमध्ये शिरला तरच नाव घेऊन सांगता येतं. त्यामुळे शर्यतभर मी गप्प असतो. १०० मीटरला ती पाठीवर आली. मी वाकलो, टेकवलं, तिने पुढचा हात ताणून भिंत गाठली. २०० मीटरला पुन्हा. पंचांनी तिचा गॉगल हातात घेऊन उजेडाकडे धरून तपासला. बाकीचे खेळाडू माना वर करून फलकाकडे बघत होते. ती दोरी धरून माझ्याकडे तोंड करून थांबली होती. मी गुडघ्यावर बसून तिला वेळ सांगितली. तिची आतापर्यंतची सर्वांत चांगली वेळ होती ती.

ती धापा टाकत म्हणाली, "आणि शंभरला? तिथे मंदावले का मी?"

"नाही," मी म्हणालो. "अजिबात नाही."