ईयोबाची दुसरी दहा मुलं

(पडद्यावरचा देव : लेखांक ६)

बायबलच्या जुन्या करारातलं ईयोबाचं पुस्तक उघडलं की आधी हिशेबच समोर येतो. ७ मुलगे, ३ मुली, ७,००० मेंढरं, ३,००० उंट, बैलांच्या ५०० जोड्या, ५०० गाढवी. सैतानाचं म्हणणं असं, की हा माणूस देवाला भजतो तो या भरल्या घरापायी. घर रिकामं करा आणि मग बघा. एका दिवसात सगळं जातं. शेवटच्या, ४२ व्या अध्यायात देव ते दुपटीने परत करतो. मेंढरं १४,०००, उंट ६,०००, बैलांच्या जोड्या १,०००. मुलं मात्र पुन्हा ७ आणि ३ एवढीच. दुप्पट का नाहीत? जुने भाष्यकार सांगतात, की जनावरं मेली ती संपली, पण पहिली दहा मुलं देवाजवळ आहेतच. ती धरली की वीस होतात. उत्तर चतुर आहे. पण नवं मूल मांडीवर आलं म्हणून आधीचं विसरणारी आई अजून कोणी पाहिलेली नाही.

‘द शिफ्ट’ हा अमेरिकन चित्रपट याच दुखऱ्या जागेवर उभा आहे. १ डिसेंबर २०२३ ला तो तिकडे प्रदर्शित झाला. लेखक-दिग्दर्शक ब्रॉक हीस्ली, वितरक यूटामधली एंजल स्टुडिओज. गेल्या लेखात आपण ‘द चोझन’ मालिकेबद्दल बोललो; तिच्यात मरीया मग्दालीया झालेली एलिझाबेथ टॅबिश इथे मॉली आहे. मॉलीचा नवरा केविन (क्रिस्तोफर पोलाहा). मुलगा गमावल्यापासून दोघांचा संसार विस्कटलेला. अशात एका अपघातानंतर केविनसमोर एक रुबाबदार गृहस्थ येऊन बसतो. नाव सांगतो ‘बेनिफॅक्टर’, म्हणजे उपकारकर्ता. नील मॅक्डोनाने हा सैतान फार मजेत केला आहे. आवाज चढवावा लागत नाही त्याला. माणसाला एका जगातून उचलून दुसऱ्यात टाकायचं यंत्र त्याच्याकडे आहे. तो केविनला नोकरी देऊ करतो. केविन प्रार्थना करतो, नकार देतो आणि एका भकास, हुकूमशाही जगात अडकून पडतो. तिथे बायबल वर्ज्य. आठवतील तेवढी वचनं तो लिहून काढतो आणि मॉलीला शोधत राहतो.

त्या जगातलं थिएटर ही चित्रपटातली सगळ्यात चांगली कल्पना. तिकीट काढायचं, खुर्चीत बसायचं आणि दुसऱ्या जगातलं आपलंच आयुष्य पडद्यावर बघायचं. केविन तिथे बसून आपल्या मॉलीची वाट बघतो.

आता यातलं विज्ञान. १९५७ मध्ये प्रिन्स्टनच्या ह्यू एव्हरेट या विद्यार्थ्याने प्रबंधात एक साधी वाटणारी गोष्ट सुचवली. पुंज सिद्धांताच्या समीकरणात इलेक्ट्रॉन एकाच वेळी दोन अवस्थांत असू शकतो. मोजायला गेलो की एकच हाती लागते. मग दुसरी कुठे जाते? नेहमीचं उत्तर होतं, की मोजताक्षणी ती नाहीशी होते. एव्हरेट म्हणाला, समीकरणात असं नाहीसं होणं कुठेच नाही. दोन्ही राहतात, मोजणाराच दोन शाखांत विभागला जातो, आणि प्रत्येकाला वाटतं आपलंच जग खरं. पुढे १९७० मध्ये ब्राइस डिविट यांनी या विचाराचा गाजावाजा केला. मराठी वाचकाला ही वाट नवी नाही. डॉ. जयंत नारळीकरांच्या कथेतले प्रा. गंगाधरपंत गायतोंडे अशाच एका जगात जाऊन पोचतात, जिथे पानिपतावर मराठे जिंकलेले असतात.

मात्र एव्हरेटच्या सिद्धांतात एका शाखेतून दुसरीत जायला रस्ता नाही. ‘द शिफ्ट’मधलं यंत्र ही सरळ थाप आहे आणि विज्ञानकथेला तेवढी सूट मी नेहमीच देतो. खरी अडचण वेगळी. प्रत्येक शक्यता कुठे ना कुठे घडत असेल, तर एका केविनच्या नकाराला किंमत काय? दुसऱ्या जगातल्या केविनने होकार दिलेलाच असणार. चित्रपट यावर सांगतो, की निवड ज्याची त्याची. इतरांनी काय केलं याने तुझी सुटका होत नाही. हे मला पटलं. दुसऱ्या जगात मॉलीच्याच चेहऱ्याची बाई भेटली, तर ती आपली बायको का, हा प्रश्नही तो टाळत नाही.

चुकतो तो सैतानापाशी. मूळ पुस्तकात सैतान दुसऱ्या अध्यायानंतर गायब होतो. पुढे उरतात ते ईयोब, त्याला उपदेश पाजणारे मित्र आणि ३८ व्या अध्यायात वावटळीतून बोलणारा देव. आपल्यावर पैज लागली होती, हे ईयोबाला शेवटपर्यंत कळत नाही. कारण ठाऊक नसताना तो टिकून राहतो, हीच त्या पुस्तकाची ताकद. इथे केविनला शत्रू समोर दिसतो, बोलतो, आमिष दाखवतो. श्रद्धेची परीक्षा असायची तिथे दोघांची कुस्ती होते, आणि मॅक्डोनाचा अभिनय चांगला असल्यामुळे ती लांबतही जाते. एकदा बघावा असा चित्रपट, पण ईयोबाच्या उंचीचा नव्हे.

बघायच्या आधी ईयोबाचे पहिले दोन आणि ३८ वा अध्याय वाचून घ्या, फार वेळ लागत नाही. पुढच्या आठवड्यात आपल्याकडची गोष्ट : मेलेल्या नवऱ्याला दुसऱ्या जगात शोधायला निघालेली योगवासिष्ठातली राणी लीला. तिथे तिला नवरा सापडतो आणि त्याच्या शेजारी दुसरी लीलाही.