भाव ठरवण्यापूर्वी एक ओळ लिहा

आमच्या बुलढाणा जिल्ह्यात खामगाव, मलकापूर, चिखलीच्या बाजारात तोंडी हिशेबात पटाईत असलेले व्यापारी व कारागीर पुष्कळ आहेत. परंतु एखादी रक्कम अज्ञात असली की अंदाजाने भाव सांगितला जातो आणि तेथेच घाटा होतो. अशा वेळी शाळेतील साधे समीकरण कामास येते.

रीत सोपी आहे. जे माहीत नाही त्याला ‘क्ष’ म्हणावे. मग तोंडाने बोलतो तेच अंकांत लिहावे. ‘प्रत्येकी’ म्हटले की गुणाकार, ‘शिवाय’ म्हटले की बेरीज आणि ‘म्हणजे’ म्हटले की बरोबरचे चिन्ह.

समजा, एका शिलाई कारागिराला जागा व मशीन मिळून महिन्याला २,००० रुपये खर्च आहे. शिवाय प्रत्येक पायजाम्याला दोरा व विजेचे १० रुपये लागतात. शिलाई ५० रुपये मिळते आणि घरी १२,००० रुपये न्यायचे आहेत. किती पायजामे शिवावेत?

५०क्ष = १०क्ष + २,००० + १२,०००

दोन्ही बाजूंतून १०क्ष काढले की ४०क्ष = १४,००० उरते; म्हणून क्ष = ३५०. ताळा पाहावा: मजुरी १७,५००, खर्च ३,५०० व २,००० आणि कमाई १२,००० मिळूनही १७,५००.

आता दुकानदार म्हणतो, ‘‘पाच रुपये कमी करा, त्यात काय मोठे?’’ शिलाई ४५ झाली की ३५क्ष = १४,००० आणि क्ष = ४००. महिन्याचे २५ दिवस काम धरले, तर रोज १४ ऐवजी १६ पायजामे शिवावे लागतील आणि कमाई तेवढीच राहील. हे हो म्हणण्यापूर्वी कळले पाहिजे.

दुसरे उदाहरण दुकानदारांसाठी. गिऱ्हाइकाकडून ५ टक्के जीएसटीसह १,०५० रुपये घेतले. कित्येक जण १,०५० चेच ५ टक्के, म्हणजे ५२.५० रुपये कर काढतात. परंतु कर मूळ किमतीवर असतो. क्ष + ०.०५क्ष = १,०५०; म्हणून क्ष = १,००० आणि कर ५० रुपये. साडेदहा लाखांच्या विक्रीवर हाच फरक २,५०० रुपयांचा होतो.

ही विद्या आपल्याला परकी नाही. नवव्या शतकात बगदादमध्ये अल-ख्वारिज्मी यांनी ‘अल-जबर’ व ‘मुकाबला’ या रीतींवर ग्रंथ लिहिला. वारसा, वाटणी, व्यापार व जमिनीची मोजणी यांसाठी तो उपयोगी पडावा, हा त्यांचा हेतू होता. अज्ञात राशीला ते ‘शै’, म्हणजे ‘वस्तू’ म्हणत. ‘अल्जिब्रा’ हा शब्द ‘अल-जबर’वरूनच आला. इकडे भास्कराचार्यांनी ११५० साली पूर्ण केलेल्या ग्रंथातील ‘लीलावती’ या भागात व्यवहारातील उदाहरणे आहेत. अकबराच्या दरबारातील फैजी यांनी १५८७ साली तिचा फारसी तर्जुमा केला. आम्ही उर्दू शाळेत ज्याला ‘मुसावात’ म्हणत असू, तेच मराठीतील ‘समीकरण’.

म्हणून आमची सूचना एवढीच की भाव पक्का करण्यापूर्वी बिलबुकाच्या मागे ही एक ओळ लिहावी व ताळा करून पाहावा. घरातील शाळकरी मुलाला बरोबर बसवावे. त्याचा अभ्यास होईल आणि आपला भावही हिशेबाने ठरेल.