आब महिन्याचा उपवास

सण म्हटला की नवी वस्त्रे व मिष्टान्न ही आपल्या मनात प्रथम येतात. परंतु आपल्या नाशाचा दिवस शतकानुशतके नेमाने पाळणारे लोकही जगात आहेत. यहूदी लोकांच्या आब महिन्याची नववी तिथी हा तो दिवस होय. इब्री भाषेत तीस ‘तिशा बआव’ म्हणतात. ती जुलै किंवा ऑगस्टात येते.

इ. स. पूर्वी ५८६ च्या सुमारास बाबेलचा राजा नबुखद्नेस्सर याच्या सैन्याने यरुशलेमेतील शलमोनाचे मंदिर जाळले व पुष्कळ लोकांस बंदिवान करून नेले. परत आलेल्यांनी मंदिर पुन्हा बांधले; तेही इ. स. ७० मध्ये टायटस ह्या रोमी सेनापतीच्या सैन्याने भस्मसात केले. ह्या दोन्ही नाशांचे स्मरण ह्याच तिथीस करितात.

सूर्यास्तापासून दुसऱ्या दिवशी रात्र पडेपर्यंत अन्न व पाणी दोन्ही वर्ज्य. स्नान नाही, चामडी पायतण नाही, परस्परांस अभिवादनही नाही. सभास्थानात मंद उजेडात जमिनीवर बसून विलापगीत वाचतात. आपल्या कोकणातील बेने इस्राएल लोक ह्या उपवासास ‘बिरड्याचा सण’ म्हणत. वालाच्या बिरड्यावरून हे नाव पडले. १९४८ नंतर त्यांपैकी बहुतेक इस्राएल देशी जाऊन राहिले.

दुसरे मंदिर बांधले जात असता लोकांनी विचारिले की, पाचव्या महिन्यातील हा शोक आम्ही अजून करावा काय? तेव्हा जखऱ्या संदेष्ट्याने उलट प्रश्न केला, की तुमचा उपवास खरोखर देवासाठी होता काय? खरा न्याय करा, दया करा, विधवा, अनाथ, परका व दरिद्री ह्यांना गांजू नका, असा त्याच्या उत्तराचा आशय आहे.

यहूदी शास्त्र्यांनीही दुसऱ्या मंदिराच्या नाशाचा सारा दोष रोमी लोकांवर ढकलिला नाही. आपसांतील निष्कारण द्वेष हे त्या नाशाचे कारण, असे तालमूद ग्रंथात सांगितले आहे. शत्रूकडे बोट दाखविणे सोपे असते; आपला दोष वर्षानुवर्षे उपाशीपोटी आठवणे कठीण. आम्हांस ह्या उपवासाचे मर्म ह्यातच दिसते. विद्यार्थ्यांनो, अन्न वर्ज्य करणे एका दिवसाचे काम आहे. द्वेष वर्ज्य करण्यास मात्र सारे वर्ष लागते.